टाइम मशीन, व्हाया नेवासा फाटा

टाइम मशीन म्हटलं की तुमच्या डोळ्यांसमोर काय येतं? माझ्या डोळ्यांसमोर आधी ‘बॅक टू द फ्यूचर’मधली ती चंदेरी गाडी येते आणि मग कुठल्यातरी व्हिडिओ गेममधलं निळसर, गोल, गरगर फिरणारं दार. दारात पाय टाकला की हजार वर्षं मागे! आमच्या होस्टेलवर यावर रात्र-रात्र वाद होतात. (सबमिशनच्या आदल्या रात्री तर हमखास.) भूतकाळात जाऊन आपल्याच आजोबांचं लग्न मोडलं तर आपण जन्माला येऊ का, हा त्यातला लाडका प्रश्न.

मराठीत या विषयावरची माझी आवडती गोष्ट म्हणजे डॉ. जयंत नारळीकरांचं ‘गंगाधरपंतांचे पानिपत’. इतिहासाचे प्राध्यापक असलेले गंगाधरपंत एका अपघातानंतर अशा जगात जाऊन पोचतात, जिथे पानिपतची लढाई मराठ्यांनी जिंकलेली असते. परत आल्यावर पुरावा काय, तर खिशात राहिलेलं बखरीचं एक फाटकं पान. नारळीकर सर २०२५ मध्ये गेले, पण ते फाटकं पान काही माझ्या डोक्यातून जात नाही. कारण खरी भानगड तीच आहे ना! जाऊन कोणीही येईल. आल्यावर सिद्ध कसं करणार?

या सगळ्या गोष्टींचे मूळपुरुष एच. जी. वेल्स. त्यांची ‘द टाइम मशीन’ ही कादंबरी १८९५ साली आली. त्यातला प्रवासी थेट ८,०२,७०१ या सालात जातो. एक गंमत बघा. त्याची मशीन काळात प्रवास करते, जागा मात्र सोडत नाही. लंडनजवळच्या त्याच्या घराच्या लॅबमध्येच ती उभी असते आणि आजूबाजूचा काळ धावतो. भविष्यातले लोक ती मशीन थोडी बाजूला ओढून नेतात, म्हणून परत येताना ती लॅबच्या दुसऱ्याच भिंतीजवळ उगवते. हा मुद्दा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

म्हणजे टाइम मशीन ही एका जागी उभी राहून काळात खाली-वर करणारी लिफ्ट आहे, असं समजा. मग मी म्हणेन की अशी लिफ्ट आपल्या जिल्ह्यात होती, खरीखुरी. नगर-संभाजीनगर हायवेवर नेवासा फाटा येतो, तिथून आत वळलं की प्रवरेच्या काठी नेवासा. १९५४ ते १९५६ या काळात तिथे एक माणूस ही लिफ्ट चालवत होता. त्यांचं नाव डॉ. हसमुख धीरजलाल सांकलिया. हा लेख त्यांच्यावर.

मी शाळेत कॉन्व्हेंटमध्ये होते. आमच्या इतिहासाच्या पुस्तकात इजिप्त होतं, मेसोपोटेमिया होतं, हडप्पा आणि मोहेंजोदडो होतं. प्रवरा नदी कुठेच नव्हती. नेवासा म्हणजे ज्ञानेश्वरी, एवढं घरी ऐकून माहीत. त्याच गावाच्या नावाने अश्मयुगातल्या हत्यारांचा एक आख्खा प्रकार ओळखला जातो आणि जगभरचे अभ्यासक तो शब्द वापरतात, हे मला कॉलेजच्या लायब्ररीत, भलत्याच पुस्तकाच्या शोधात असताना कळलं.

सांकलियांचा जन्म १० डिसेंबर १९०८ चा, मुंबईतला. घर गुजराती, वकिली पेशातलं. जन्मले तेव्हा बाळ इतकं अशक्त होतं की जगेल की नाही याचीच शंका. ते ऐंशी वर्षं जगले, आणि त्यातली बरीचशी उन्हातान्हात, नदीकाठच्या धुळीत! पंधराव्या वर्षी त्यांच्या हातात लोकमान्य टिळकांच्या ‘आर्क्टिक होम इन द वेदाज’चा गुजराती अनुवाद पडला. मूळ पुस्तक १९०३ चं. आर्य लोक उत्तर ध्रुवाकडून आले असं टिळकांनी त्यात वेद आणि ज्योतिषाच्या आधारे मांडलं होतं. पंधरा वर्षांच्या मुलाला त्यातलं कितपत कळणार? फारसं कळलं नाहीच. पण आपल्या देशात सर्वांत जुने लोक कोण आणि ते कुठून आले, हा प्रश्न मात्र डोक्यात कायमचा बसला. टिळकांसारखं संशोधन करायचं तर संस्कृत आणि गणित यायलाच हवं, असं त्या मुलाने ठरवून टाकलं. टिळकांचं ते अनुमान आज कोणी मानत नाही. एका पुस्तकाचं उत्तर टिकलं नाही, पण प्रश्नाने एक माणूस घडवला, ही मला फार भारी गोष्ट वाटते.

मुंबईच्या सेंट झेवियर्समधून संस्कृत घेऊन बी.ए. झाले. घरच्या परंपरेप्रमाणे एलएल.बी.ही केलं, पण कोर्टाची पायरी काही चढले नाहीत. झेवियर्समध्ये फादर हेरास नावाचे स्पॅनिश जेझुइट इतिहासकार होते. त्यांच्या मार्गदर्शनाखाली सांकलियांनी एम.ए.साठी नालंदा विद्यापीठावर प्रबंध लिहिला. तो १९३४ मध्ये पुस्तकरूपानेही आला. इथपर्यंत ते कागदावरचे, पोथ्या आणि शिलालेखांचे अभ्यासक होते. पीएच.डी.साठी लंडनला गेले आणि तिथे सगळंच बदललं.

इंग्लंडच्या डॉर्सेट परगण्यात मेडन कॅसल नावाचा एक प्रचंड मातीचा किल्ला आहे, लोहयुगातला. १९३४ ते १९३७ या काळात मॉर्टिमर व्हीलर तिथे उत्खनन करत होते. हेच व्हीलर पुढे १९४४ मध्ये भारतीय पुरातत्त्व खात्याचे प्रमुख म्हणून आले. मेडन कॅसलला सांकलियांनी हातात खुरपी घेऊन काम शिकलं. आता जरा टेक्निकल भाग, पण आपण इंजिनीअरिंगवाले, घाबरायचं कारण नाही.

माणसं एका जागी राहतात. घर पडतं, त्याच मातीवर नवं घर उभं राहतं. राख, खापरं, हाडं, तुटकी भांडी साठत जातात आणि जमीन हळूहळू वर येते. म्हणून जुन्या गावाचं टेकाड होतं. सर्वांत खालचा थर सर्वांत जुना आणि वरचा सर्वांत नवा. म्हणजे झेड अ‍ॅक्सिस हाच टाइम अ‍ॅक्सिस! पण हा ग्राफ सरळ रेषेचा नसतो. शंभर वर्षांचा थर कधी एक वीत असतो, कधी एक पुरुष. त्यात कोणीतरी मध्येच धान्यासाठी पेव खणतं, उंदीर बिळं करतात, आणि वरच्या काळातली वस्तू खालच्या काळात जाऊन पडते. वेल्सची मशीन बाजूला ओढल्यावर जो घोटाळा झाला, तोच हा. म्हणून व्हीलर पद्धतीत जमिनीवर चौकोनांची जाळी आखतात. दोन चौकोनांच्या मध्ये मातीचा बांध न खोदता तसाच ठेवतात, त्याला बाल्क म्हणतात. त्या बांधाच्या उभ्या भिंतीवर सगळे थर दिसतात. फर्स्ट इयरला इंजिनीअरिंग ड्रॉइंगमध्ये सेक्शनल व्ह्यू काढताना आपण ज्याला शिव्या दिल्या, तोच व्ह्यू! प्रत्येक थराला नंबर, प्रत्येक वस्तूला लेबल. कुठल्या चौकोनात, किती खोलीवर, कुठल्या थरात. एकूण तीन कोऑर्डिनेट्स आणि वर थराची नोंद.

एवढा आटापिटा का? कारण ही मशीन एका जागी एकदाच चालते. खोदलेला थर परत भरता येत नाही. आपण प्रयोगशाळेत रीडिंग चुकलं तर पुन्हा घेतो (किंवा शेजारच्या बॅचचं घेतो). इथे रीडिंग घेता घेता मशीनच संपून जाते. त्या जागी त्या काळात पुन्हा कोणालाही जाता येणार नाही. मागे राहते ती फक्त वही. सांकलियांनी इंग्लंडहून आणलेली खरी चीज ही होती, पीएच.डी.ची पदवी त्यापुढे किरकोळ.

१९३९ मध्ये पुण्याचं डेक्कन कॉलेज पुन्हा सुरू झालं. १९३४ मध्ये सरकारने ते बंद केलं होतं आणि माजी विद्यार्थ्यांनी झगडून ते परत मिळवलं, या वेळी संशोधन संस्था म्हणून. सांकलिया तिथे प्राचीन भारतीय इतिहासाचे प्राध्यापक झाले. टिळक याच डेक्कन कॉलेजचे विद्यार्थी होते! पंधराव्या वर्षी ज्यांचं पुस्तक वाचून वेड लागलं, त्यांच्याच कॉलेजात नोकरी. समाजशास्त्र आणि मानववंशशास्त्र शिकवायला तिथे इरावती कर्वे होत्या, आपल्या ‘युगान्त’वाल्या. १९४४ मध्ये सांकलिया आणि इरावतीबाईंनी मिळून गुजरातेत लांघणज इथे वाळूच्या टेकाडात खोदकाम केलं आणि शिकारी जमातीच्या माणसांचे सांगाडे मिळवले. शेजारी त्यांची इवली-इवली दगडी पाती. बाहेर दुसरं महायुद्ध चालू आणि हे दोघे हाडं मोजतायत!

पण मला सांगायचंय ते महाराष्ट्राबद्दल. त्या वेळी महाराष्ट्राचा इतिहास सुरू व्हायचा सातवाहनांपासून, म्हणजे ढोबळमानाने इसवी सनापूर्वी दोनशे वर्षं. त्याआधी काय? दंडकारण्य. रामायणातलं घनदाट जंगल, त्यात ऋषी आणि राक्षस, बस. दख्खनच्या काळ्या बेसॉल्टच्या पठारावर आदिमानव फारसा राहिलाच नसावा, असाही समज होता. सांकलियांनी नाशिकजवळ गोदावरीकाठी गंगापूरला नदीच्या दगडगोट्यांच्या थरात अश्मयुगातली हत्यारं शोधली आणि तो समज मोडला. मग १९५०-५१ मध्ये शां. भा. देव यांच्यासोबत नाशिकची मातीची गढी खोदली आणि त्याच मोसमात आपल्या जिल्ह्यातलं जोर्वे. संगमनेर तालुक्यातलं, प्रवरेकाठचं छोटं गाव.

जोर्व्याला काय मिळालं? तांब्याच्या सहा चपट्या कुऱ्हाडी, एक कडं, आणि खापरं. लाल रंगाची, वर काळ्या रंगात नक्षी, पातळ आणि इतकी छान भाजलेली की टिचकी मारली की धातूसारखा आवाज येतो. तोटीची भांडी, मध्ये कोन असलेले वाडगे. ही भांडी करणारे लोक शेती करणारे, तांबं आणि दगड दोन्ही वापरणारे. पुढे अशीच खापरं तापीपासून भीमेपर्यंत ठिकठिकाणी सापडत गेली आणि त्या सगळ्या संस्कृतीला नाव पडलं जोर्वे संस्कृती. संगमनेरच्या एस.टी. स्टँडवर बोर्ड वाचताना जोर्वे हे नाव दिसलं तर जरा आदराने बघा.

आता नेवासा. नदीकाठी लाडमोड नावाचं टेकाड आहे. १९५४ मध्ये सांकलिया आपल्या विद्यार्थ्यांना घेऊन तिथे आले. चला, लिफ्टमध्ये बसू.

सर्वांत वरचा मजला मुसलमानी आणि मराठा काळाचा. रंगीत काचेच्या बांगड्या वगैरे. त्याखाली एकदम सातवाहनांचा काळ लागतो, म्हणजे मध्ये हजारेक वर्षं या टेकाडावर वस्तीच नव्हती. ज्ञानेश्वरांनी नेवाशाला शके १२१२ मध्ये, म्हणजे १२९० साली ज्ञानेश्वरी सांगितली. तो काळ नेमका या मोकळ्या जागेत येतो! आख्ख्या महाराष्ट्राला ज्या वर्षासाठी नेवासा माहीत आहे, त्या वर्षाच्या मजल्यावर ही लिफ्ट थांबतच नाही. (अर्थात गाव मोठं आहे, वस्ती बाजूला असणार.) सातवाहनांच्या मजल्यावर मात्र गर्दी आहे. पक्की घरं, नाणी, मणी आणि रोमन बनावटीच्या दोन कानांच्या सुरया, ज्यांतून भूमध्य समुद्राकडून दारू यायची. रोमची दारू नेवाशात! आपल्या लोकांची खरेदीची हौस जुनी आहे म्हणायची.

आणखी खाली गेलं की जोर्वे संस्कृतीचं गाव. कुडाच्या, मातीने लिंपलेल्या भिंती, चुन्याने सारवलेल्या जमिनी, गारगोटीची धारदार पाती, तांब्याचे मणी. त्याच्याही खाली नदीने आणलेल्या वाळूगोट्यांत लाखो वर्षांपूर्वीच्या माणसाच्या हातकुऱ्हाडी, आणि त्यांच्यानंतरच्या माणसाने केलेली छोटी, बारीक कामाची हत्यारं. हीच ती हत्यारं, ज्यांना गावाच्या नावावरून नेवासन म्हणतात. एका नदीकाठावर एवढे मजले! सांकलिया, देव, अन्सारी आणि एऱ्हार्ट या चौघांनी लिहिलेला अहवाल १९६० मध्ये आला. त्याचं नावही इतिहासाकडून प्रागितिहासाकडे अशा अर्थाचं आहे, म्हणजे उलटा प्रवास.

पण सगळ्या मजल्यांत मी सर्वांत जास्त वेळ थांबले ती जोर्वे लोकांच्या मजल्यावर, त्यांच्या लहान मुलांपाशी. हे लोक मेलेल्या मुलांना गावाबाहेर नेत नसत. दोन मोठी मडकी घ्यायची, त्यांची तोंडं एकमेकांना लावायची, आत मूल ठेवायचं आणि घराच्याच जमिनीखाली खड्ड्यात ती आडवी पुरायची. वर पुन्हा सारवण. आई रोज ज्या जमिनीवर स्वयंपाक करायची, त्याच्याच खाली. नेवाशाला अशी शंभराहून जास्त दफनं मिळाली, बहुतेक सगळी लहान मुलांची. बालमृत्यू केवढे असतील याचा यावरून अंदाज करा.

त्यातल्या एका मुलाच्या गळ्यात तांब्याच्या मण्यांची माळ होती. तीन हजार वर्षांत दोरा कधीच कुजून जायला हवा होता. पण तांब्याचे क्षार जंतूंना मारक असतात, त्यामुळे मण्यांच्या आतला दोरा टिकला. मुंबईच्या कापूस संशोधन प्रयोगशाळेतले ए. एन. गुलाटी यांनी तो तपासला आणि त्यात रेशीम आणि कापूस दोन्ही असल्याचं सांगितलं. रेशीम! प्रवरेकाठी! पण मला रेशमापेक्षा त्या माळेचंच जास्त वाटलं. तांबं तेव्हा दुर्मिळ. कुऱ्हाडीसाठी, कड्यासाठी जपून वापरायची चीज. ते मुलाच्या गळ्यात घालून जमिनीखाली ठेवलं आणि परत काढून घेतलं नाही. त्या लोकांची भाषा आपल्याला माहीत नाही, त्यांचे देव माहीत नाहीत. हे एवढं माहीत आहे, आणि तेही कोणीतरी खुरपी हळू चालवली म्हणून. एक घाव जोरात बसला असता तर मणी राहिले असते, दोरा गेला असता.

थर सांगतात आधी कोण आणि नंतर कोण. पण नक्की किती वर्षांपूर्वी? त्यासाठी घड्याळ लागतं, आणि सांकलियांचं नशीब असं की ते घड्याळ त्यांच्याच हयातीत निघालं. १९४९ च्या सुमारास अमेरिकेत विलार्ड लिबी यांनी कार्बन-१४ ची पद्धत काढली (१९६० चं नोबेल). जिवंत झाड हवेतला किरणोत्सारी कार्बन घेत राहतं. झाड मेलं की नवा येणं बंद आणि असलेला घटत जातो, दर ५७३० वर्षांनी निम्मा. बारावीचं समीकरण! पुढे मुंबईच्या टीआयएफआरमध्येही अशी प्रयोगशाळा झाली. नेवाशाच्या जोर्वे थरातल्या कोळशाचं वय सुमारे ३१०० वर्षं आलं. म्हणजे मूळच्या १०० भागांतले साधारण ६९ भाग शिल्लक होते. आज जोर्वे संस्कृतीचा काळ इसवी सनपूर्व १४०० ते ७०० असा धरतात. महाराष्ट्राच्या गावगाड्याचा जन्मदाखला हजारेक वर्षांनी मागे गेला. दंडकारण्यात ऋषी होते की नाही माहीत नाही, पण शेतकरी नक्की होते, आणि त्यांच्या घरात चूल होती.

आता याच जिल्ह्यातली दुसरी बाजू सांगते. श्रीरामपूर तालुक्यात, प्रवरेवरच, दायमाबाद आहे. तिथलं उत्खनन सांकलियांचं नाही, पुरातत्त्व खात्याचं. १९५८ पासून तीन टप्प्यांत झालं आणि फार महत्त्वाचं आहे. पण दायमाबाद जगभर गाजलं ते १९७४ मध्ये, एका शेतकऱ्याला झाडाची मुळं खणताना चार धातूच्या मूर्ती सापडल्या तेव्हा. हत्ती, गेंडा, रेडा आणि दोन बैल जुंपलेला रथ, त्यात उभा माणूस. सगळं मिळून ६० किलोंहून जास्त वजन! असं काम त्या काळातल्या भारतात दुसरीकडे कुठेही सापडलेलं नाही. फोटो बघा, त्या रथवाल्याचा तोरा आजच्या ट्रॅक्टरवाल्यासारखाच आहे.

पण या मूर्ती कधीच्या? म. के. ढवळीकर म्हणाले, उत्तर हडप्पा काळातल्या, म्हणजे जवळजवळ चार हजार वर्षांच्या. डी. पी. अग्रवाल यांनी धातू तपासून शंका काढली की यात आर्सेनिक एक टक्क्याहून जास्त आहे, त्या काळाच्या दुसऱ्या वस्तूंत ते तसं मिळत नाही, म्हणजे मूर्ती बऱ्याच नंतरच्या असू शकतील. वाद आजही पूर्ण मिटलेला नाही. कारण साधं आहे. मूर्ती निघाल्या तेव्हा बाजूला चौकोन नव्हता, बांध नव्हता, थराचा नंबर नव्हता. त्या शेतकऱ्याचा यात काहीच दोष नाही, तो बिचारा मुळं काढत होता. पण नेवाशाच्या त्या मुलाच्या गळ्यातला तांब्याचा इवलासा मणी कधीचा हे आपण सांगू शकतो, आणि दायमाबादच्या ६० किलोंबद्दल भांडत बसतो. मशीनमधून वस्तू बाहेर आली, तारीख मात्र आतच राहिली.

सांकलियांच्या पुढच्या आयुष्यात उत्खननं खूप झाली. नर्मदेकाठचं नावडातोली, राजस्थानातलं आहाड, आणखी बरीच. भारत-पाकिस्तानच्या प्रागितिहासावरचा त्यांचा ग्रंथ कित्येक वर्षं सगळ्या विद्यापीठांत पाठ्यपुस्तकासारखा वापरला गेला. आज देशभरात जे पुरातत्त्वाचे प्राध्यापक आहेत त्यांतले पुष्कळ जण त्यांच्या विद्यार्थ्यांचे विद्यार्थी. १९७३ मध्ये त्यांनी रामायण हे मिथक की वास्तव, या विषयावर पुस्तक लिहिलं. पुराव्यावरून लंका मध्य भारतातच कुठेतरी असावी, असं मांडलं आणि पुष्कळांचा राग ओढवून घेतला. ते मत बरोबर की चूक यात मी पडत नाही. श्रद्धेच्या विषयालाही त्यांनी थर आणि खापरांचाच नियम लावला, हे मला महत्त्वाचं वाटतं. १९७३ मध्येच निवृत्त झाले, १९७४ मध्ये पद्मभूषण. १९७८ मध्ये आत्मचरित्र आलं, ‘बॉर्न फॉर आर्किऑलॉजी’. नावातच सगळं आलं.

शेवटचं मोठं काम इनामगावचं. पुणे जिल्ह्यात शिरूर तालुक्यात, घोड नदीच्या काठी, म्हणजे आपल्या शेजारीच. १९६८ मध्ये सुरू झालं ते १९८३ पर्यंत चाललं, सांकलिया, ढवळीकर आणि अन्सारी यांच्या नावावर. नेवाशाला काळात खोल उतरले होते. इनामगावला मात्र एकाच गावाचा मोठा भाग आडवा उघडला, म्हणजे शेजारी शेजारी घरं कशी होती ते कळावं. कुंभाराचं घर, सावकारासारखी मोठी असामी, धान्याची कोठारं. मी सिव्हिलची असल्यामुळे माझं मन तिथल्या कालव्यात आणि दगडमातीच्या बांधात अडकलं. भंडारदऱ्याचं धरण १९२६ चं, त्याचं पाणी पिऊन आपला जिल्हा बागायती झाला, त्याचं आपण कौतुक करतो. घोड नदीच्या माणसाने तीन हजार वर्षांपूर्वी पुराचं पाणी वळवून साठवायची युक्ती केली होती, थिओडोलाइटशिवाय! शेवटच्या थरांत मात्र ऐसपैस चौकोनी घरं जाऊन छोट्या गोल झोपड्या येतात, शेती कमी होते, शिकार वाढते. ढवळीकरांच्या मते पाऊसमान बिघडलं. दुष्काळी तालुक्यातल्या वाचकांना याचा अर्थ समजावून सांगायला नको.

खेड्यात जुन्या गावठाणाच्या मातीला पांढरी म्हणतात, काळी म्हणजे शेतजमीन आणि पांढरी म्हणजे गाव. पांढरीची माती पिकाला चांगली, म्हणून लोक ती पूर्वीपासून शेतात नेऊन टाकतात. पूर्वी बैलगाडीने न्यायचे, आता ट्रॅक्टर आणि जेसीबी आहे. टेकाड एका आठवड्यात सपाट होतं. प्रवरा, गोदावरी, मुळा, घोड या नद्यांच्या काठी अशी किती टेकाडं अजून उभी आहेत! आणि ते सपाटीकरणाचं काम पुढे कोणाच्या सहीने होणार? आमच्याच बॅचमधल्या कोणाच्या तरी. आमच्या सिलॅबसमध्ये माती म्हणजे बेअरिंग कपॅसिटी, मॉइश्चर कंटेंट, लिक्विड लिमिट. मातीत तारीखही असते, हे कुठल्याच युनिटमध्ये येत नाही.

सांकलिया २८ जानेवारी १९८९ रोजी गेले. वेल्सच्या प्रवाशाने भविष्यातून दोन सुकलेली फुलं आणली, गंगाधरपंतांनी एक फाटकं पान. सांकलियांनी आणलेल्या वस्तू खोक्यांत, लेबलं लावून, डेक्कन कॉलेजात राहिल्या. त्या खोक्यांचं पुढे काय झालं ते सांगते. नेवासा, दायमाबाद आणि इनामगाव इथल्या त्या मडक्यांतल्या मुलांची हाडं आणि दात अमेरिकन संशोधक ग्वेन रॉबिन्स शुग यांनी नव्या पद्धतीने तपासले. त्यांचं पुस्तक २०११ मध्ये आलं. दातांवरून मूल किती महिन्यांचं होतं ते कळतं आणि हाडांवरून त्या वयाला जेवढी व्हायला हवी तेवढी वाढ झाली होती का ते कळतं. इनामगावच्या शेवटच्या काळातल्या मुलांची वाढ खुंटलेली निघाली. पाऊस बिघडल्यावर गावात आधी कोणाच्या अंगावर दिसलं, याचं उत्तर मिळालं, सांकलिया गेल्यानंतर बावीस वर्षांनी. प्रत्येक मुलाच्या खोक्यावर चौकोनाचा नंबर होता, थराचा नंबर होता, म्हणून.